कॅथलिक वसतिगृह-शाळांतले मुलांचे गायनवृंद: रोज घरून येऊन हे का जमत नाही?

पाचवी_काळी

लंडनच्या वेस्टमिन्स्टर कॅथीड्रलची कॉयर शाळा (गायनवृंदातल्या मुलांची शाळा) कार्डिनल हर्बर्ट व्हॉन यांनी १९०१ मध्ये सुरू केली. कॅथीड्रल वापरात आलं १९०३ मध्ये. म्हणजे आधी गळे, मग घुमट. तेव्हापासून गाणारी मुलं तिथे पूर्णवेळ राहत होती. २०१९ मध्ये शाळेने ती पद्धत बदलून साप्ताहिक वसतिगृह केलं, शुक्रवारी मुलं घरी. त्यावरून बराच गदारोळ झाला आणि त्या वर्षअखेरीस संगीतप्रमुख मार्टिन बेकर पायउतार झाले.

माझं म्हणणं असं की वसतिगृह ही जुनी सवय आहे, गाण्याची गरज नव्हे. आठ वर्षांच्या मुलाला घरापासून तोडून जे शिकवता येतं, ते शाळा सुटल्यावर दोन तास थांबवूनही शिकवता येईल. आपल्याकडे तबला, गाणं, भरतनाट्यम सगळं क्लास लावूनच होतं ना?

ज्यांना या कामाचा आतून अंदाज आहे त्यांनी लिहावं. 'शिस्त लागते', 'संस्कार होतात' वगैरे नको. तास, सूर, कागद यांच्या भाषेत सांगा.

निव्वळ_वाचक

पुढच्या रांगेत बसलो आहे. खारे शेंगदाणे सोबत.

थेम्सकाठचा

तासांच्याच भाषेत सांगतो.

गायलेल्या मिस्सामध्ये (कॅथलिक चर्चच्या मुख्य उपासनेत) दोन प्रकारची गाणी असतात. एक, शब्द न बदलणारी: किरिए, ग्लोरिया, सांक्तुस, आन्युस देई. दुसरी, त्या त्या दिवसाची: प्रवेशाचं, वाचनांमधलं, आल्लेलुया, अर्पणाचं, ख्रिस्तप्रसादाचं. ही पाच रोज बदलतात. वर एखाद-दुसरं मोतेत, म्हणजे अनेक आवाजांची छोटी धर्मरचना. संध्याकाळच्या प्रार्थनेत स्तोत्रं, मॅग्निफिकात (मारियेचं स्तुतिगीत) आणि आणखी एक गीत. सगळं धरून एका मुलाच्या हातात दिवसाला दहा-बारा वेगळे कागद.

आता गंमत बघा. आगमनकाळाच्या (नाताळाआधीच्या चार आठवड्यांच्या) पहिल्या रविवारचं प्रवेशगीत 'आद् ते लेवावी' वर्षातून एकदाच येतं. मुलगा वृंदात चार-पाच वर्षं असतो, म्हणजे उभ्या आयुष्यात ते तो चार-पाच वेळा गातो. पाठ करून भागत नाही. समोर आलेला कागद तिथल्या तिथे वाचता यायलाच हवा. हे वाचन क्लासमध्ये येत नाही, रोज नवा कागद समोर आल्याने येतं. बाकी सगळं त्यानंतर.

गंधार_कोमल

म्हणजे हे आपल्या नेमकं उलट झालं. आपण एक राग दोन वर्षं घोटतो, ते दोन दिवसांत पंचवीस चिजा उरकतात! गायकी कधी बसते मग?

आणि कृपा करून कोणीतरी स्वरांची उंची पेटीच्या काळी-पांढरीत सांगा. 'वरचा ए' म्हटलं की आमचं डोकं बंद पडतं.

खर्जातला

घ्या. मुलांच्या वरच्या आवाजाचा रोजच्या वापरातला पल्ला मध्य सप्तकातल्या पांढरी एकपासून तार सप्तकातल्या पांढरी सहापर्यंत. नवख्याला पांढरी चार-पाचच्या वर ठेवत नाहीत. आल्लेग्री या रचनाकाराच्या 'मिझेरेरे' स्तोत्रातला तो प्रसिद्ध उंच सूर म्हणजे त्याच्याही पुढची पांढरी एक, तिथे आपल्या पेटीची उजवी कडा येते. (तो सूर मूळ रचनेत नाहीच, पुढच्या काळात वेगवेगळ्या हस्तलिखितांच्या जुळवाजुळवीत घुसला. पण लोक तिकीट त्याच्यासाठीच काढतात.)

गळा तापवण्याची पद्धतही उलटी आहे. आपण खर्ज लावतो, ते वरून खाली येतात. ओठ फुरफुरवत किंवा 'ङ'वर एक घसरगुंडी, मग पांढरी पाचच्या आसपास 'ऊ'ने सुरुवात करून पाच स्वर उतरायचे, प्रत्येक वेळी अर्धा स्वर चढवत. कारण असं: मुलगा खालून चढत गेला तर छातीचा जाड आवाज वर ओढत नेतो आणि तार सप्तकाच्या तोंडाशी तो फाटतो. वरून आला तर डोक्यातला पातळ आवाज खालपर्यंत सोबत येतो आणि मधली शिवण दिसत नाही. पाच ते सात मिनिटं. त्याहून जास्त म्हणजे रियाजाचेच सूर खर्ची घालणं.

गंधार_कोमल

खर्जाशिवाय पाया कसला? सकाळी उठून 'ऊ'वरून घसरगुंड्या खेळल्याने भारदस्तपणा येत नाही.

खर्जातला

नऊ वर्षांच्या मुलाला भारदस्तपणा हवाय कशाला? त्याचे स्वरतंतू आखूड आणि पातळ असतात. त्याला मंद्र सप्तक दिलं की तो सूर न लावता नुसता घसा दाबतो.

तुमच्या मुद्द्यात तथ्य एका ठिकाणी आहे. इंग्लंडमध्ये बराच काळ मुलांचा आवाज फक्त 'ऊ'सारखा, पोकळ, बासरीसारखा ठेवायची फॅशन होती. वेस्टमिन्स्टरचे संगीतप्रमुख जॉर्ज माल्कम यांनी (१९४७ ते १९५९) ती मोडली. मैदानावर ओरडणाऱ्या मुलाचा आवाज हाच त्याचा खरा आवाज, गाणं म्हणजे त्यालाच वळण लावणं, अशी त्यांची धारणा. तिथला आवाज त्यामुळे धारदार, छातीचा अंश असलेला झाला. इंग्रज संगीतकार बेंजामिन ब्रिटनने १९५९ मध्ये माल्कम यांच्या निरोपासाठी याच मुलांकरता मिस्सा ब्रेविस (छोटी मिस्सा) लिहिली. तीन उंच आवाज आणि ऑर्गन, दहाएक मिनिटांचा मामला.

तिरकीट

त्यातला ग्लोरिया सात मात्रांचा आहे म्हणे. रूपक की काय? ठेका धरायला आम्ही येऊ का?

खर्जातला

सात मात्रा आहेत म्हणून रूपक होत नाही. रूपकात समेवर खाली असते आणि आवर्तन परत येणार याची ऐकणाऱ्याला खात्री असते. इथे शब्दांचे जोर मात्रांवरून सरकत राहतात. नवखी मुलं सातव्या मात्रेनंतर एक मोकळी मात्रा घालून आठ करून टाकतात, ही ठरलेली चूक. उपाय: आधी सूर काढून टाकायचे, नुसते शब्द टाळीवर बोलायचे, तेही कुजबुजत. कुजबुजताना जास्तीची मात्रा लगेच उघडी पडते.

तुम्ही या, पण तबला घराजवळ ठेवून. पोप पायस दहावे यांच्या १९०३ च्या फर्मानात चर्चमध्ये पियानोसुद्धा बंद होता, ढोल-झांजा तर नावानिशी बंद.

नाशिकची_मीनल

त्याच फर्मानात बायकांनाही कॉयरमध्ये बंदी होती ना? मग 'मुलांचा आवाज निर्मळ, देवदूतासारखा' हे सगळं कौतुक नंतर चिकटवलेलं. मूळ कारण साधं: बायका चालत नव्हत्या, उंच सूर तर हवे होते.

थेम्सकाठचा

बरोबर. उंच आवाज हवे असतील तर जुन्या प्रथेप्रमाणे मुलगे घ्या, असं त्यात स्पष्ट लिहिलं होतं. रोममध्ये त्याआधी खच्ची केलेले गायकही होते. त्यांतला शेवटचा नावाजलेला, आलेस्सांद्रो मोरेस्की, १९२२ मध्ये वारला. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर बायकांवरची बंदी उठली. जर्मनीतल्या रेगेन्सबुर्गच्या कॅथीड्रल शाळेत २०२२ पासून मुलीही आहेत, वेगळ्या वृंदात.

लोटलीकर

धागाकर्त्याच्या बाजूने एक पुरावा देतो. गोव्यात पोर्तुगीज काळात पॅरिशच्या शाळा होत्या, वसतिगृह नाही. गावचा मेस्त्रे, म्हणजे चर्चचा संगीतशिक्षक, पोरांना सोल्फा (स्वरनामांनी वाचन) आणि व्हायोलिन शिकवायचा. पोरं घरी जेवायची, घरी झोपायची. आधी स्वरनामं म्हणत कागद वाचायचा, हाताने मात्रा दाखवायची, ते आल्याशिवाय वाद्याला हात लावू देत नसत. त्यातून पडलेली माणसं एवढी पक्की वाचक होती की मुंबईच्या सिनेमाच्या ऑर्केस्ट्रात अर्ध्या खुर्च्यांवर गोंयकारच. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस हे त्यातलं मोठं नाव, प्यारेलाल त्यांच्याकडे व्हायोलिन शिकले.

ईस्टरआधीच्या उपासाच्या काळात गोव्यात मोतेतं अजून गातात, सोबत व्हायोलिन आणि क्लॅरिनेट. सगळं घरून येऊन. मग लंडनच्या पोरांना काय झालं?

पाचवी_काळी

लोटलीकर, धन्यवाद! हेच म्हणत होते.

थेम्सकाठचा

लोटलीकरांचा मुद्दा चोख आहे आणि मी माझ्या पहिल्या प्रतिसादातला एक दावा मागे घेतो: वाचन घरून येऊनही शिकता येतं. पण मोतेतं वर्षातून काही आठवडे. रोजचं काय?

वाद्यांचा हिशोब करा. या शाळांत प्रत्येक मुलगा बहुधा पियानो आणि आणखी एक वाद्य शिकतो. २५ मुलं, दोन वाद्यं, प्रत्येकी अर्धा तास सराव: रोजचे २५ खोली-तास. आठ खोल्या असल्या तरी प्रत्येक खोली तीन तासांहून जास्त भरलेली. त्यात सकाळचा सामूहिक सराव पाऊण ते एक तास, संध्याकाळच्या उपासनेआधी अर्धा तास, उपासना स्वतः तासभर. आणि शाळा? गणित, इतिहास, फुटबॉल? घरून यायचं तर सकाळी साडेसातला दारात आणि संध्याकाळी साडेसहा-सातला बाहेर. पुढे प्रवास. नऊ वर्षांच्या मुलाचा गळा या प्रवासाने बसतो, गाण्याने नव्हे.

डॉ_घसा

शेवटच्या वाक्याला अनुमोदन. मुलांच्या आवाजाचे शत्रू क्रमाने: अपुरी झोप, मैदानावरची आरडाओरड, सतत घसा खाकरणं, सर्दीची गोळी. सर्दीच्या बऱ्याच गोळ्यांनी नाक सुकतं तसा घसाही सुकतो, मुलगा मग कोरड्या तंतूंवर जोर देतो. ओरडून ओरडून तंतूंवर बारीक गाठी येतात. मुलांत बहुतेकदा त्या आवाज नीट वापरायला शिकवून जातात, कापाव्या लागत नाहीत. बसलेल्या आवाजात कुजबुजणं म्हणजे विश्रांती असा गैरसमज आहे. जोर लावून कुजबुजणं बोलण्याइतकंच ताण देतं. गप्प बसणं हीच विश्रांती.

(खर्जातला, तुमचा कुजबुज-सराव निरोगी गळ्यांपुरता आणि दोन मिनिटांचाच ठेवा.)

निव्वळ_वाचक

ज्येष्ठमध?

डॉ_घसा

चघळायला हरकत नाही. लाळ सुटते, घसा ओला राहतो. पण जीभ काय किंवा अन्ननलिका काय, गिळलेली गोष्ट स्वरतंतूंना शिवत नाही. शिवली तर ठसका लागतो. तेव्हा मध-आलं-ज्येष्ठमध यांनी 'आवाज मोकळा' होतो तो आजूबाजूच्या भिंतींचा.

बदलापूरची_लोकल

आवाज फुटायला लागला की काय करतात? एकदम काढून टाकतात का?

डॉ_घसा

वयात येताना मुलाचा स्वरयंत्राचा सांगाडा वाढतो, तंतू लांब आणि जाड होतात, बोलण्याची पट्टी सुमारे एक सप्तक उतरते. पण हे एका रात्रीत होत नाही. आधी बोलणं घोगरं होतं. मग मधल्या सुरांतून हवा गळायला लागते. कित्येकांचे वरचे सूर तोवर शाबूत असतात, उलट काही महिने जास्तच चमकतात. तिथेच फसगत होते: वृंदाला तो मुलगा हवा असतो, कार्यक्रम तोंडावर असतो, आणि त्याला वरच्याच सुरांवर ठेवून ताणलं जातं. लक्षण ओळखायचं तर गाणं ऐकू नका, त्याला 'नमस्कार' म्हणायला लावा.

खर्जातला

याच्यावर तीन शाळांत तीन वेगळे तोडगे आहेत. वेस्टमिन्स्टरला मुलं ८ ते १३, खालचे आवाज पगारी पुरुष गायकांचे. आवाज फुटला की मुलगा बहुधा शाळाच बदलतो. मोंत्सेर्रातला, बार्सिलोनाजवळच्या डोंगरावरच्या बेनेडिक्टाइन मठात, साधारण ९ ते १४ वयाची पन्नासेक मुलं. रेगेन्सबुर्गला शाळा अठरा-एकोणीस वर्षांपर्यंत चालते, आणि तिथले खालचे आवाज त्याच शाळेतल्या मोठ्या मुलांचे. आज वरचा सूर गाणारा दोन वर्षं बाजूला बसून तालीम बघतो आणि मग खालच्या रांगेत उभा राहतो.

यात एक गोष्ट बाहेरून दिसत नाही. २५ मुलं, पाच इयत्ता, दरवर्षी पाच जातात, पाच येतात. नवे पाच पहिलं वर्षभर जवळजवळ मुके. दोन जुन्या मुलांच्या मध्ये नवा उभा करतात, तो कानाने पकडतो, तोंड हलवतो, सूर अधूनमधून. म्हणजे खरे गाणारे वीसच. आता एखाद्या वर्षी पाचाऐवजी दोनच चांगले मिळाले, तर त्या वर्षी कोणाला काही कळतही नाही. खड्डा तीन-चार वर्षांनी दिसतो, जेव्हा ते दोघंच वरच्या वर्गात असतात आणि एकाचा आवाज डिसेंबरमध्ये फुटतो.

म्युनिकची_माई

रेगेन्सबुर्गचा विषय निघालाच आहे तर पूर्ण लिहू या. तिथल्या कॅथीड्रल शाळेचा उगम बिशप वोल्फगांग यांनी ९७५ मध्ये घातलेल्या व्यवस्थेत सांगतात. 'डोमश्पात्सेन', म्हणजे कॅथीड्रलच्या चिमण्या. नाव गोड आहे. २०१७ मध्ये वकील उलरिच वेबर यांचा अहवाल आला: १९४५ नंतरच्या काळात किमान ५४७ मुलांवर अत्याचार झाले, बहुतेकांना मारहाण, ६७ जणांवर लैंगिक अत्याचार. सगळ्यात भीषण प्रकार एट्टर्सहाउझेन आणि पीलेनहोफेन इथल्या प्राथमिक वर्गांच्या वसतिगृहांत. म्हणजे आठ-नऊ वर्षांची मुलं.

हे 'काही वाईट माणसं निघाली' एवढ्यावर सोडता येत नाही. वसतिगृहाचा गृहपाल, वर्गशिक्षक आणि वृंदातली जागा ठरवणारा हे एकाच वर्तुळातले असले, घरी जाणारं पत्र त्यांच्याच हातून जात असलं, आणि दौऱ्यावरून काढून टाकण्याची भीती मुलाच्या डोक्यावर असली, तर मूल तक्रार करणार कोणाकडे?

नाशिकची_मीनल

+१००. धाग्यातला सगळ्यात महत्त्वाचा प्रतिसाद. गाणं कितीही सुंदर असो.

थेम्सकाठचा

माईंशी पूर्ण सहमत, आणि म्हणून वसतिगृह ठेवायचंच असेल तर काय लागतं तेही लिहायला हवं. गृहपाल आणि संगीतशिक्षक यांचा वरिष्ठ एकच नको. सराव-खोल्यांच्या दाराला काच, आणि काचेवर पोस्टर नाही. एकट्या मुलाला शिकवताना दार कोणालाही उघडता येईल असं. मुलाला फोन रोज, कोणाच्या देखत नाही. शाळेशी संबंध नसलेली एक व्यक्ती, जिचा नंबर भिंतीवर असतो. इंग्लंडमध्ये वसतिगृहांच्या किमान नियमांतच ते आहे. आपल्याकडे २०१२ च्या पॉक्सो कायद्याने तर कळवणं बंधनकारक आहे, 'आधी आपापसात बघू' हा पर्यायच नाही.

म्युनिकची_माई

आणि रेगेन्सबुर्गला आता वसतिगृहात न राहता दिवसभर थांबून संध्याकाळी घरी जाणारी मुलंही आहेत. वृंद बंद पडलेला नाही. दर रविवारी सकाळी दहाला गातात.

पाचवी_काळी

माई, हे मला हवं होतं. थेम्सकाठचे काका, आता काय म्हणता?

थेम्सकाठचा

काका?? असो. रेगेन्सबुर्गला मुख्य काम रविवारचं आणि सणांचं. वेस्टमिन्स्टरला रोजचं. उत्तर देतो, पण वसईकर कधीचे हात वर करून बसलेत असं वाटतंय.

वसईकर_डाबरे

होय! आमच्याकडे मराठीतून मिस्सा, गायनवृंद प्रत्येक धर्मग्रामात. मुलांचा वेगळा वृंद करून लॅटिनची तोंडओळख द्यायची झाली तर कुठून सुरुवात? आठवड्याला तीन दिवस, पाऊण तास, एवढंच मिळेल. वसतिगृह वगैरे स्वप्नातही नाही.

खर्जातला

तीन पाऊण तासांत बरंच होतं. क्रम असा ठेवा.

एकसुरी ग्रेगोरियनपासून (चर्चच्या जुन्या लॅटिन गायनापासून) सुरुवात, 'मिस्सा दे आंजेलिस'. जगभर सगळ्यात जास्त गायलं जाणारं, चालही मेजर स्केलची, म्हणजे बिलावलच्या वळणाची, कानाला सोपी. छापील चार ओळींचा कागदच द्या, पाच ओळींचा नको. चौकोनी ठिपके एकावर एक असले तर खालचा आधी. ठिपक्यापुढे टिंब असेल तर लांबवा. ओळीच्या सुरुवातीला जी खूण असते ती 'डो' कुठल्या रेघेवर आहे ते सांगते, आणि ती सरकते. म्हणजे सा सरकतो. मराठी मुलाला हे इंग्रजांपेक्षा लवकर समजतं. गंधार_कोमल यांना आवडेल: ग्रेगोरियनच्या आठ स्वरमांडण्या (मोड) म्हणजे ढोबळमानाने मूर्च्छनाच.

दोन आवाजांचं काम सहा महिने नको. आधी स्तोत्र दोन बाजूंनी म्हणा, एक ओळ या बाजूची, एक त्या. प्रत्येक ओळीच्या मध्ये फुली असते, तिथे थांबायचं. किती? तर चर्चमधला आवाज विरेपर्यंत. तिथे सगळे एकत्र श्वास घेतात. होणारी चूक: ओळ संपायच्या आत समोरची बाजू उडी मारते. दर वेळी. मग घाई वाढत जाते आणि पाचव्या ओळीला सगळे धावत असतात.

गंधार_कोमल

मूर्च्छना! आता बोललात.

कोकणी_कावळा

लॅटिनचे उच्चार देवनागरीत लिहून द्या, इंग्रजी अक्षरांत अजिबात नको. पोरं 'डॉमिनस' म्हणतात, हवं 'दोमिनुस'. आपले आ ए ई ओ ऊ जसेच्या तसे चालतात, फक्त मधेमधे आपला 'अ' घुसतो तो हाकलायचा. 'एक्सेल्सिस'चं रोमन पद्धतीने 'एक्शेल्सिस' होतं, 'चेली' म्हणायचं की 'त्सेली' ते रोमन की जर्मन यावर. एकच पद्धत धरा. अर्धे चेली, अर्धे त्सेली म्हणाले की स्वर्गाचं भाजीमार्केट होतं.

आणि शेवटचा 'स'! तीस मुलं 'सांक्तुस'चा स वेगवेगळ्या वेळी सोडतात, कुकरची शिट्टी ऐकू येते. चारच मुलांना स द्यायचा. बाकीच्यांनी 'सांक्तु'वर थांबायचं. ऐकणाऱ्याला काही कळत नाही.

वसईकर_डाबरे

कुकर! छापून लावतो. सूर उतरतो त्याचं काय? बिनसाथीचं गाणं सुरू केलं पांढरी चारला की संपतं पांढरी तीनला.

खर्जातला

पांढरी चारलाच सगळ्यांचं उतरतं, जगभरची तक्रार आहे. कारण त्या पट्टीत मुलांचे मधले सूर नेमके आवाजाच्या शिवणीवर येतात. सुरुवातच काळी तीनवरून करा, निम्मं दुखणं जातं. उरलेलं तीन ठिकाणी शोधा. एकाच सुरावर बरेच शब्द असले की तो सूर झिजतो, प्रत्येक शब्द किंचित वर ठेवल्यासारखा म्हणायचा. उतरती चाल मुलं पायऱ्या मोठ्या करून उतरतात. आणि श्वास: सगळे एकाच जागी घेतात, वाक्य संपताना सगळेच रिकामे. शेजाऱ्याने घेतला तिथे आपण घ्यायचा नाही, हा नियम. कोणी कुठे घ्यायचा ते पेन्सिलने कागदावर.

पेन्सिल म्हणजे पेन्सिलच, मऊ शिशाची, दोऱ्याने फाइलला बांधलेली. शाई नाही, कारण पुढच्या वर्षी श्वास बदलतो. आणि एक खूण सगळीकडे चालते: जिथे मुलं मान खाली घालून चुकतात तिथे कागदावर चष्म्याचं चित्र. दोन गोल, मधे आडवी रेघ. अर्थ: वर बघ. जुन्या कागदांवर एकाच मात्रेवर चार-चार पिढ्यांचे चष्मे असतात, एकावर एक.

निव्वळ_वाचक

शेंगदाणे संपले पण हा चष्मा लक्षात राहील.

बदलापूरची_लोकल

ऑर्गन लांब असेल तर आवाज उशिरा पोचत नाही का?

थेम्सकाठचा

पोचतो. ध्वनी सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो, ३४ मीटरला एक दशांश सेकंद. जलद रचनेत तेवढ्यात सूर निघून जातो. वादकाने कानावर विश्वास ठेवायचा नाही, आरशात किंवा छोट्या पडद्यावर हात बघून वाजवायचं, आणि स्वतःला सतत 'लवकर' वाजवतोय असं वाटलं तर बरोबर आहे असं समजायचं.

आता मूळ प्रश्न. पाचवी_काळी, वसतिगृह कशामुळे लागतं ते तिन्ही ठिकाणी वेगळं आहे असं मला हा धागा वाचताना दिसलं.

मोंत्सेर्रातची सगळ्यात प्रसिद्ध उपासना दुपारी एकची, त्यात साल्वे रेजिना आणि विरोलाय ही मारियेची दोन गीतं. ती शाळेच्या वेळातच येते. घड्याळ आड येत नाही, डोंगर येतो. सातशे मीटर उंचीवरच्या मठात रोज सकाळी पन्नास मुलं दातेरी रेल्वेने चढवणं शक्य नाही. वेस्टमिन्स्टर भर शहरात, डोंगर नाही, पण तिथली गायलेली उपासना संध्याकाळी पाच-साडेपाचला. तिथे वसतिगृह घड्याळामुळे. रेगेन्सबुर्गला या दोन्हीपैकी काही नाही, म्हणून तिथे घरी जाणारी मुलं सामावली गेली.

पाचवी_काळी

म्हणजे वेस्टमिन्स्टरची उपासना दुपारी एकला नेली की वसतिगृह गेलं? इतकं सोपं?

थेम्सकाठचा

कागदावर सोपं. पण दुपारी एकला कामावरची माणसं येणार नाहीत, पगारी गायक दुसऱ्या नोकऱ्यांत असणार, आणि संध्याकाळची प्रार्थना दुपारी म्हणता येत नाही, ती सूर्यास्ताची आहे. साप्ताहिक वसतिगृहाने त्यांनी मधला मार्ग काढला: मधले दिवस तसेच, आठवड्याच्या शेवटी मुलांचा आवाज कमी. त्या दिवशी पुरुष एकटे गातात. त्यासाठी त्यांना वेगळं साहित्य लागतं, कारण चार आवाजांची मिस्सा वरच्या ओळीशिवाय उभी राहत नाही. ग्रेगोरियन राहतं.

पाचवी_काळी

माझं मत अर्धं बदललं. 'सवय' हा शब्द मागे घेते. पण माईंनी लिहिलं ते वाचल्यावर एवढं नक्की वाटतं की आधी उपासनेची वेळ बदलून बघायची, मग मुलाची खाट लावायची. उलट नाही.

लोटलीकर

आणि मेस्त्रेचा पगार वाढवून बघायचा. तो मुद्दा कोणीच काढला नाही.

वसईकर_डाबरे

आमच्याकडे मंगळ, गुरू, शनी ठरतंय, पाच ते पावणेसहा. सातवी-आठवीच्या मुलांचं काय करू? आवाज फुटलेलेच निम्मे.

खर्जातला

त्यांना मधल्या पाच-सहा सुरांची वेगळी ओळ लिहून द्या, सप्तकभर नको. दर पंधरा दिवसांनी पल्ला तपासा, कारण तो सरकतो. ज्याला काहीच लागत नाही त्याला स्तोत्राची बाजू सांभाळायला द्या, फुलीला हात वर करायचा. घरी पाठवू नका, दोन वर्षांनी तुम्हाला खालचे आवाज लागणार आहेत.

डॉ_घसा

आणि शनिवारी क्रिकेट पाचच्या आधी नको. नंतर.